अनिता : एका पाहुण्या नावाची कुळकथा

'अनिता' हे मराठी मुलींत रुळलेले नाव मूळचे स्पॅनिश आहे, असे पदव्युत्तर वर्गात सांगितले तर विद्यार्थी आधी हसतात आणि मग हजेरीपटाकडे पाहतात. त्यांचे हसणे स्वाभाविक आहे. परभणी, सेलू, जिंतूर, पाथरी, गंगाखेड या पट्ट्यात अनिता नावाची आत्या, मावशी किंवा शिक्षिका नसलेले घर शोधूनच काढावे लागेल. कविता, सुनीता, सविता, संगीता या नावांच्या ओळीत अनिता इतकी सहज मांडी घालून बसली आहे की तिला तिचे कूळ विचारावे, असे कोणाच्या मनातच आले नाही. सोयरीक जुळवताना सात पिढ्यांची चौकशी करणारा आपला समाज नावांच्या बाबतीत मात्र कमालीचा उदार आहे. कानाला गोड लागले की नाव घरात येते. अर्थ मागाहून शोधला जातो आणि सापडला नाही तर तयार केला जातो. अनिताच्या बाबतीत नेमके हेच घडले आहे.

प्रथम कूळ पाहू. स्पॅनिश भाषेत 'आना' हे स्त्रीनाम आहे. त्याला 'इता' हा लघुत्ववाचक प्रत्यय लागून 'आनिता' होते, म्हणजे 'छोटी आना', 'लाडकी आना'. पुल्लिंगी रूपात हाच प्रत्यय 'इतो' होतो. तो उत्तरकालीन बोली लॅटिनमधून आलेला असून त्याचीच फ्रेंच भावंडे आपल्या रोजच्या बोलण्यात वावरतात. 'सिगारेट' म्हणजे छोटा सिगार आणि 'कॅसेट' म्हणजे छोटी पेटी. या दोन्ही शब्दांच्या शेपटीला असलेला प्रत्यय अनिताच्या 'इता'चा सख्खा भाऊ आहे. स्पॅनिशमध्ये 'इया' असाही एक लघुत्ववाचक प्रत्यय आहे. शिवकालाविषयीच्या मराठी पुस्तकांत 'गनिमी कावा' या शब्दाशेजारी हमखास येणारा 'गुरिल्ला' हा शब्द त्या प्रत्ययाने घडला. त्याचा मूळ अर्थ 'छोटे युद्ध'. स्पॅनिश माणूस ज्या प्रत्ययांनी मुलीचे लाड करतो, त्यांपैकीच एकाने तो युद्धही लहान करतो, ही गंमत भाषेच्या अभ्यासकाने नोंदवून ठेवावी अशी आहे.

'आना' हे नाव स्पॅनिशमध्ये लॅटिनमधून, लॅटिनमध्ये ग्रीकमधून आणि ग्रीकमध्ये हिब्रूमधून आले. हिब्रूतले मूळ रूप 'हन्ना'. मराठी बायबल वाचणाऱ्यांना ते याच रूपात परिचित आहे. ह, न, न या तीन व्यंजनांच्या धातूचा अर्थ कृपा करणे, दया दाखवणे असा आहे. 'योहान' या नावातही तोच धातू आहे. 'परमेश्वराने कृपा केली' हा त्या नावाचा अर्थ. योहानचे इंग्रजीत जॉन झाले, स्पॅनिशमध्ये हुआन झाले आणि हुआनच्या बहिणीची हुआनिता झाली. अरबी ही हिब्रूची भगिनीभाषा असल्याने तिच्यातही हा धातू आहे. 'हनान' म्हणजे माया, कळवळा. 'हन्नान' म्हणजे अत्यंत कृपाळू, आणि हा शब्द ईश्वराला उद्देशून वापरतात. परभणीसारख्या शहरात, जिथे १९४८ पर्यंत निजामाचे राज्य होते आणि जिथल्या गल्ल्यांत उर्दू अजूनही मराठीच्या खांद्याला खांदा लावून बोलली जाते, तिथे अब्दुल हन्नान हे नाव ऐकून कोणी चमकत नाही. एकाच वर्गात अनिता आणि हन्नान बसलेले असतील तर ती दोघे एका धातूची लेकरे आहेत. गुरुजी मात्र एकीचे नाव संस्कृत समजतात आणि दुसऱ्याचे परके.

मग अनिता संस्कृत का वाटते? त्याचे उत्तर व्याकरणापेक्षा कानात आहे. विसाव्या शतकाच्या मध्यापासून मराठी मुलींच्या नावांना 'इता' या ध्वनीचे विलक्षण वेड लागले. ललिता, अर्पिता, नमिता, विनिता, वनिता, कविता, सरिता, सविता, सुनीता, संगीता अशी ही पंगत आहे. ही नावे उच्चारात एकमेकींच्या बहिणी वाटतात. व्याकरणात त्यांची घरे वेगवेगळी आहेत. ललिता आणि अर्पिता ही कर्मणि भूतकालवाचक धातुसाधिते. वनिता ही 'वन्' धातूवरून आलेली, म्हणून जिची इच्छा केली गेली ती. सुनीता 'नी' धातूची आहे, 'चांगल्या रीतीने नेलेली', आणि म्हणूनच तिची 'नी' दीर्घ. कवितेतला 'ता' हा कवि या शब्दाला लागलेला भाववाचक प्रत्यय. सरितेचे मूळ रूप 'सरित्'. आणि सविता तर मुळात स्त्रीच नव्हे. 'सवितृ' या पुल्लिंगी शब्दाचे ते प्रथमेचे एकवचन. गायत्री मंत्रात ज्याचे ध्यान करायचे तो तेजस्वी देव मराठवाड्यात कानातले घालून शाळेत जाऊ लागला आणि कोणालाही त्यात वावगे दिसले नाही. दिसायला नकोच होते. बोलणाऱ्यांच्या कानाने 'इता' म्हणजे मुलगी असा निकाल दिला होता आणि भाषेत अशा निकालावर अपील नसते.

या पंगतीत अनिता येऊन बसली तेव्हा तिला पाट आपोआप मिळाला. स्पॅनिश 'इता' आणि संस्कृत 'इता' यांची ही गाठ निव्वळ योगायोगाची आहे. पण योगायोगानेही नाती जुळतात. 'सरिता'चेच पाहा. सारा या नावाचे स्पॅनिश लाडके रूप 'सारिता' होते. सारा मोन्तिएल ही गाजलेली स्पॅनिश अभिनेत्री चाहत्यांत 'सारिता' म्हणूनच ओळखली जाई. तिकडे ती छोटी सारा आणि इकडे ती नदी. उलट नुसते 'आना' हे नाव मराठीत कधीच टिकले नसते. एक तर ते नाण्याशी जाऊन भिडले असते, नाही तर 'अण्णा' होऊन बाराबंदी घालून ओसरीवर बसले असते! प्रत्ययाने तिला वाचवले.

आणखी एक आधार तिला मिळाला तो 'अनिल'चा. अनिल म्हणजे वारा. हा शब्द अस्सल संस्कृत. आत्माराम रावजी देशपांडे यांनी 'अनिल' हे नाव घेऊन कविता लिहिली आणि सुशिक्षित मराठी घरांत त्या शब्दाला वेगळी झळाळी आली. अनिलच्या शेजारी अनिता ठेवली की ती त्याचे स्त्रीरूप भासते. व्याकरणाने तसे नाते सिद्ध होत नाही, पण पत्रिकेवर ही जोडी फार शोभते. मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्राच्या संस्थापक डॉ. अनिता अवचट यांचे उदाहरण येथे आठवते. अनिल अवचटांच्या वाचकांना त्या 'सुनंदा' म्हणून भेटतात, संस्थेच्या संदर्भात 'अनिता' म्हणून. एका व्यक्तीची अशी दोन नावे हा मराठी स्त्रीजीवनाचाच एक अध्याय आहे. त्याकडे पुढे येऊ.

अनिताने भारतात प्रवेश केला तो एकाच दाराने नव्हे. इंग्रजीने हे नाव आधीच आपलेसे केले होते, आणि शहरी सुशिक्षित घरांत ते इंग्रजीच्या हाताला धरून आले. १९३७ मध्ये मसुरीला बंगाली वडील आणि जर्मन आई यांच्या पोटी जन्मलेली मुलगी पुढे अनिता देसाई म्हणून इंग्रजी कादंबरीत नामांकित झाली. १९४२ मध्ये व्हिएन्नात जन्मलेल्या सुभाषचंद्र बोस यांच्या कन्येचे नावही अनिता. या दोन्ही घरांत एक पाय युरोपात आणि एक भारतात होता. तिथे दोन्हीकडे चालेल असे नाव हवे असणे समजण्यासारखे आहे. खेड्यापर्यंत नाव पोचवण्याचे काम मात्र असल्या थोर घराण्यांनी केले नसावे. ते काम सिनेमाचे. राज खोसला यांचा साधना आणि मनोजकुमार यांची भूमिका असलेला 'अनिता' हा हिंदी चित्रपट १९६७ साली आला. मराठवाड्यात १९७२ च्या दुष्काळाच्या आगेमागे जन्मलेल्या मुलींत हे नाव भरपूर सापडते ही गोष्ट या कालक्रमाशी जुळते.

नाव आले, रुळले. आता त्याला अर्थ हवा. बसस्थानकावर, जत्रेत आणि देवळांबाहेरच्या दुकानांत बाळाच्या नावांच्या ज्या पुस्तिका मिळतात, त्यांचा यात मोठा वाटा आहे. त्या पुस्तिकांत अवकहडा चक्राप्रमाणे अक्षरे लावलेली असतात. 'अ' आले म्हणजे मेष रास, आणि मेषेखाली अनिता. नावासमोर अर्थाचा रकाना असतो आणि तो रिकामा ठेवून चालत नाही. मग 'अ' म्हणजे नाही, 'नीता' म्हणजे नेलेली, असा विग्रह होतो. हा विग्रह खरा मानला तर अर्थ निघतो 'जिला कोणी नेले नाही ती', आणि लग्नाच्या मुलीला असे नाव कोणी जाणूनबुजून ठेवेल असे वाटत नाही. शिवाय त्यासाठी 'नी' दीर्घ असायला हवी. मराठीत तर ती सर्रास ऱ्हस्व लिहिली जाते. ऱ्हस्व घेऊन 'अन् + इत' असा विग्रह केला तर 'न गेलेली', 'न मिळालेली' असे काहीतरी हाती लागते. ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलात मरुतांच्या एका सूक्तात रसा, कुभा, क्रुमु, सिंधु यांच्या बरोबरीने 'अनितभा' नावाची एक नदी येते. 'अनिता'च्या सर्वांत जवळ जाणारा वैदिक शब्द बहुधा हाच. पण त्या नदीच्या काठाने आपल्या अनिता आलेल्या नाहीत, आणि तसा पुरावा ओढूनताणून देण्यात हशील नाही.

संस्कृत अर्थ शोधण्याची ही धडपड निरुपद्रवी आहे, असे कोणी म्हणेल. आमचे मत वेगळे आहे. ओढूनताणून आणलेल्या अर्थामुळे या नावाचा जो खरा आणि फार सुंदर अर्थ आहे, तो झाकला जातो. 'कृपा' एवढ्या कोशातल्या शब्दाने तो कळत नाही. त्यासाठी नावामागच्या दोन बायका पाहाव्या लागतात.

पहिली हन्ना. बायबलच्या जुन्या करारातील शमुवेलाच्या पुस्तकात तिची कथा आहे. एल्काना नावाच्या गृहस्थाच्या दोन बायका. एकीला मुले होती, हन्नाला नव्हती. सवत तिला टोचून बोले. शिलो येथल्या देवस्थानात जाऊन हन्ना ओठ हलवत, आवाज न काढता प्रार्थना करते; तिथल्या पुजाऱ्याला ती दारू प्यायलेली वाटते. ती मागते मुलगा, आणि तो देवालाच वाहीन असा नवस बोलते. शमुवेल जन्मतो आणि नवस फेडला जातो. सवतीचे टोमणे, देवळातला नवस, दिलेला शब्द पाळताना होणारी आईची घालमेल या गोष्टी मराठी वाचकाला समजावून सांगाव्या लागत नाहीत. आपल्याकडच्या व्रतकथांतून त्या शेकडो वर्षे ऐकल्या गेल्या आहेत.

दुसरी आन्ना, येशूची आजी. तिचा उल्लेख बायबलमध्ये नाही. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातल्या, याकोबाच्या नावावर असलेल्या एका ग्रंथात तिची कथा येते. बायबलात त्या ग्रंथाला जागा मिळाली नाही, लोकमानसात मात्र भरपूर मिळाली. ही आन्नाही निपुत्रिक, तिचीही समाजात अवहेलना. बागेत एका झाडाखाली बसून, वर पक्ष्यांचे घरटे पाहून ती विलाप करते. देवदूत येऊन मूल होईल असे सांगतो, तेव्हा ती म्हणते की मुलगा होवो वा मुलगी, ते मूल मी देवाला अर्पण करीन. हन्नाच्या कथेपेक्षा ही कथा येथे एक पाऊल पुढे जाते. दिवस भरतात. बाळंत झाल्यावर आन्ना सुइणीला विचारते, काय झाले? सुईण सांगते, मुलगी. आणि आन्ना आनंदते. आज माझ्या जिवाचे थोर सार्थक झाले, अशा अर्थाचे उद्गार काढते. ती मुलगी म्हणजे मरिया. प्राचीन जगातल्या किती कथांत 'मुलगी झाली' हे शब्द ऐकून बाळंतिणीचे तोंड उजळलेले दिसते, हे साहित्याच्या अभ्यासकांनी आपापल्या वाचनातून आठवून पाहावे.

ही आन्ना मराठी मुलखापासून फार दूर नाही. गोव्यात तिसवाडीतल्या तळावली येथे तिचे, म्हणजे सांत आनाचे, सतराव्या शतकातले भव्य चर्च आहे. तिथे जुलैच्या अखेरीस 'तवशांचें फेस्त' भरते. तवशे म्हणजे काकडी. मूल व्हावे म्हणून जोडपी सांत आनाच्या पायाशी तवशी वाहतात. हिब्रू नावाची, लॅटिन प्रार्थनेतली ती म्हातारी पावसाळ्यातल्या कोकणी मळ्यातले पीक स्वीकारते, आणि ती कोणती भाषा समजते असा प्रश्न तिथे कोणाला पडत नाही.

म्हणजे अनिता हे नाव ज्या कुळातून आले ते नवसाच्या, वाट पाहून झालेल्या, हव्या असलेल्या लेकराचे कूळ आहे. आता या नावाला शेजार कोणता मिळाला ते पाहावे. आपल्याकडे मुलींची नावे ठेवण्याच्या दोन रीती होत्या. एक तीर्थांची आणि देवतांची : गोदावरी, गंगाबाई, काशीबाई, द्वारकाबाई, प्रयागबाई, रुक्मिणी. मराठवाड्यातल्या आजीच्या पिढीची हजेरी घेतली तर सबंध भारताची तीर्थयात्रा घडते. दुसरी रीत दुःखाची. मुले जगत नसली की दृष्ट लागू नये म्हणून धोंडी, दगडी अशी नावे ठेवायची. आणि मुलींवर मुलीच झाल्या की शेवटच्या मुलीला 'नकुशा', 'नकोशी' म्हणायचे. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात नकुशा नावाच्या दोनशेहून अधिक मुलींची नावे एका जाहीर समारंभात बदलण्यात आली. मुलींनी स्वतः नावे निवडली. काहींनी सिनेतारकांची, काहींनी पुराणांतली. त्याच वर्षीच्या जनगणनेत परभणीच्या शेजारच्या बीड जिल्ह्यात शून्य ते सहा वयोगटात हजार मुलग्यांमागे ८०७ मुली होत्या. बाकीच्या मुलींपर्यंत नाव ठेवण्याची वेळच आली नाही. नकुशाचा अर्थ कोणत्याही पुस्तिकेत पाहावा लागत नाही. अनिताचा अर्थ पाहावा लागतो, आणि तिथे आपण चुकीचा लिहून ठेवला आहे, ही सल मोठी आहे.

नाव मिळाले तरी ते राहील याची खात्री बाईला नसते. १८९० साली स्पेनमधल्या मालागा येथे जन्मलेली आना मारिया देल्गादो घरात अनिता म्हणून वाढली. माद्रिदमधल्या एका नाट्यगृहात ती नाचत असताना कपुरथळ्याचे महाराज जगतजितसिंग यांनी तिला पाहिले. १९०८ मध्ये कपुरथळ्यात शीख पद्धतीने त्यांचे लग्न झाले आणि अनिताची प्रेमकौर झाली. खरीखुरी स्पॅनिश अनिता भारतात आली आणि इथे येताच तिचे नाव गेले. १९२५ मध्ये ती महाराजांपासून विभक्त होऊन युरोपात परतली, आणि १९६२ मध्ये तिचे निधन झाले तेव्हा जगाच्या लेखी ती पुन्हा अनिता देल्गादोच होती. आपल्या पांढरपेशा घरांत लग्नात ताटभर तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिण्याची रीत आहे. त्या तांदळात किती द्वारकांच्या अनिता झाल्या आणि किती अनितांच्या आणखी कोणी, याची गणती कोणत्याही दप्तरात मिळणार नाही.

ब्राझीलमध्ये १८२१ साली जन्मलेल्या आना मारियाची गोष्ट याच्या उलट आहे. माहेरी पोर्तुगीज वळणाने तिला 'आनिन्या' म्हणत. इटालियन क्रांतिकारक गॅरिबाल्डीने तिला अनिता म्हटले आणि इतिहासाने तेवढेच ठेवले. ती त्याच्याबरोबर लढली आणि १८४९ मध्ये माघार घेत असताना, पोटात मूल असताना, वारली. रोममधल्या जानिकुलुम टेकडीवर तिचा पुतळा आहे : उधळलेला घोडा, एका हातात पिस्तूल, दुसऱ्या हाताच्या कवेत तान्हे मूल. मराठी माणसाला तो पुतळा पाहून झाशी आठवल्याशिवाय राहणार नाही. झाशीवालीचेही माहेरचे नाव वेगळेच होते, मणिकर्णिका.

लाडाच्या प्रत्ययाचा विषय निघालाच आहे, तर गंगाखेडच्या जनाबाईला ओलांडून पुढे जाता येत नाही. परंपरेने ती याच जिल्ह्याची लेक. 'जनाबाई' हे आदराचे रूप आपण दिले. ती स्वतःला 'जनी' म्हणवते. मराठीतला हा 'ई' लघुत्ववाचक आहे, गाडा–गाडी, लोटा–लोटी यांतला. माणसांच्या नावाला तो लागला की दोन अर्थ देतो : आई हाक मारते तेव्हा लाड, मालक हाक मारतो तेव्हा तुच्छता. गंगी, सखी, जनी ही नावे घरातल्या लेकीची असतात, तशीच घरात राबणाऱ्या बाईचीही. स्पॅनिश 'इता'तही धाकटेपण आहे, पण मालकाची हाक त्यात सहसा ऐकू येत नाही. जनीने मालकाची हाक मारण्याचे रूप घेतले, त्याच्या आधी 'नामयाची दासी' हे शब्द जोडले आणि आपल्या अभंगांवर त्याची मुद्रा उमटवली. विठ्ठल तिच्याबरोबर दळतो, कांडतो, शेणी वेचतो तो याच नावाच्या बाईसाठी. एका अक्षरातला अपमान तिने इतका झिजवला की आज 'जनी' म्हणताना आपल्याला त्यात केवळ माया ऐकू येते.

परभणीकडच्या खेड्यांत अनिता हे नाव पूर्ण उच्चारणारे फक्त शाळेचे हजेरीपट आणि लग्नाच्या पत्रिका. घरात तिची 'अनी' होते. आणि संध्याकाळी गुरे परतताना आई दारातून हाक देते ती 'अने, ए अने!' अशी. स्पेनमध्ये जोडलेला लघुत्वाचा प्रत्यय मराठी आई काढून टाकते, त्या जागी आपला लावते, आणि उरते ते जवळजवळ मूळचेच नाव. हन्नाला एल्कानाच्या घरी अशीच काहीशी हाक मारत असतील.